सेवाभाव आणि सेवकांचे हक्क

(रुग्णालयाच्या वर्धापनदिन समारंभात विश्वस्त मंडळाच्या वतीने करण्यात आलेले भाषण)



वर्धापनदिनी वर्षभरातील कार्याचा आढावा घेण्याचा प्रघात आहे. खाटा, शस्त्रक्रिया, नवी यंत्रसामग्री आणि जमाखर्च यांचा तपशील अहवालाच्या पुढील पानांत दिलाच आहे. आज आम्ही आपले लक्ष वेधू इच्छितो ते वेगळ्या विषयाकडे. जे हात ही सेवा घडवतात, त्या हातांना न्याय मिळतो का, हा तो विषय होय.

आपला परिसरच श्रमाने उभा राहिला आहे. १९५४ साली पिंपरीत हिंदुस्थान अँटिबायोटिक्सची स्थापना झाली. पुढे मोटारी, दुचाकी, यंत्रे आणि सुटे भाग बनविणारे कारखाने आले. १९७२ मध्ये नवनगर विकास प्राधिकरण आणि १९८२ मध्ये महानगरपालिका अस्तित्वात आली. पुढे चाकण, म्हाळुंगे, निघोजे, कुरुळी या गावांच्या शिवारांतही कारखान्यांची धुराडी दिसू लागली. या वाढीबरोबर संघर्षही आले. १९८८-८९ मधील टेल्कोतील कामगारांचा लढा शनिवारवाड्यावरील उपोषणापर्यंत गेला. २०१३ मध्ये चाकणच्या बजाज ऑटो प्रकल्पात सुमारे पन्नास दिवस काम थांबले होते. त्या लढ्यांच्या गुणदोषांची चर्चा करण्याचे हे स्थळ नव्हे. मात्र त्यांतून एक बोध निश्चित घ्यावा लागतो. कामगाराचे गाऱ्हाणे जेथे वेळेवर आणि आदराने ऐकले जात नाही, तेथे ते अखेरीस रस्त्यावर येते.

रुग्णालयात आम्हांस या प्रश्नाची दुसरी बाजू दिसते. प्रेसमध्ये बोटे गमावलेला तरुण, भाजलेली स्त्री, सलग दोन पाळ्या केल्याने चक्कर येऊन पडलेला मजूर असे रुग्ण येथे येतात. ८ डिसेंबर २०२३ रोजी तळवडे येथील मेणबत्तीच्या कारखान्यात लागलेल्या आगीने अनेक स्त्री कामगारांचा बळी घेतला, हे आपण विसरलेलो नाही. अशा रुग्णांच्या नातेवाइकांचा पहिला प्रश्न जखमेविषयी असतो आणि दुसरा नोकरीविषयी. ज्याच्या हाती नेमणूकपत्र नाही, ज्याचा ठेकेदार दर काही महिन्यांनी बदलतो, त्याला बरे होण्यासाठी लागणारी विश्रांतीही परवडत नाही. टाके निघण्यापूर्वीच तो कामावर परततो आणि जखम चिघळते. अशा वेळी औषधाइतकीच हक्कांची माहितीही उपचाराचा भाग ठरते.

म्हणून रुग्णांच्या कुटुंबीयांसाठी दोन गोष्टी येथे मुद्दाम नमूद करतो. राज्य कामगार विमा योजनेची वेतनमर्यादा जानेवारी २०१७ पासून दरमहा २१,००० रुपये करण्यात आली. जुलै २०१९ पासून मालकाचा वाटा ३.२५ टक्के आणि कामगाराचा वाटा ०.७५ टक्के ठरला. या योजनेत आजारपणाचा रोख भत्ता मिळण्यासाठी सहा महिन्यांच्या कालावधीत किमान ७८ दिवसांचे अंशदान भरलेले असावे लागते. कंत्राट मध्येच तुटले की ही अट मोडते. परंतु कामावर असताना झालेल्या अपघातासाठी अशी कोणतीही किमान अट नाही. पहिल्याच दिवशी इजा झाली तरी विमेदार कामगाराचा हक्क उभा राहतो. ही एवढी माहिती नसल्याने कर्ज काढून उपचार करणारी कुटुंबे आमचे समाजसेवा अधिकारी वारंवार पाहतात.

पण इतरांना उपदेश करण्यापूर्वी आपल्याच दाराकडे पाहणे उचित ठरेल. रुग्णालय हे सेवेचे स्थान असले तरी ते नोकरीचेही स्थान आहे. परिचारिका, तंत्रज्ञ, आया, वॉर्डबॉय, सफाई कामगार, स्वयंपाकघरातील कर्मचारी आणि सुरक्षारक्षक यांचा चरितार्थ येथून चालतो. मग येथील कर्मचाऱ्याला कारखान्यातील कामगाराप्रमाणे हक्क आहेत की नाहीत?

हा प्रश्न महाराष्ट्रातूनच सर्वोच्च न्यायालयापुढे गेला होता. मुंबईच्या जे. जे. रुग्णालय समूहातील दोन वॉर्ड सेविकांना भरपाई न देता कामावरून कमी करण्यात आले. १९६० साली न्यायमूर्ती प्र. बा. गजेंद्रगडकर यांनी दिलेल्या निर्णयानुसार रुग्णालयाचे काम 'उद्योग' या व्याख्येत बसते असे ठरले आणि ती सेवासमाप्ती बेकायदा ठरली. १९७० मध्ये सफदरजंग रुग्णालयाच्या प्रकरणात न्यायालयाने वेगळा मार्ग धरला. १९७८ मध्ये बंगळूर पाणीपुरवठा मंडळाच्या खटल्यात सात न्यायमूर्तींच्या पीठाने पुन्हा पूर्वीची दिशा स्वीकारली. नफा हा हेतू नसला तरी पद्धतशीर काम, मालक-कर्मचारी सहकार्य आणि समाजाला मिळणारी सेवा एवढे असले म्हणजे तो उद्योग होतो, असे न्यायालयाने मानले. १९८२ च्या दुरुस्तीने रुग्णालये वगळण्याची तरतूद केली खरी, पण ती कधी अमलात आली नाही.

आता परिस्थिती बदलली आहे. २१ नोव्हेंबर २०२५ पासून चार कामगार संहिता लागू झाल्या. त्यांपैकी औद्योगिक संबंध संहितेतील 'उद्योग' या व्याख्येतून धर्मादाय, सामाजिक वा परोपकारी कार्य करणाऱ्या संघटनांच्या संस्था वगळण्यात आल्या आहेत. आपल्यासारख्या संस्थेला ही पळवाट उपलब्ध होऊ शकते. काही हितचिंतकांनी तिचा लाभ घ्यावा असे आम्हांस सुचविलेही. त्यांचा हेतू शुद्ध आहे. वाचलेला पैसा गरीब रुग्णांवर खर्च व्हावा, एवढीच त्यांची इच्छा आहे.

विश्वस्त मंडळाने या सूचनेचा विचार केला आणि ती स्वीकारली नाही. धर्मादाय हेतू संस्थेचा असतो, दान देणगीदाराचे असते. आपल्या पगारातून दान करावे असे कोणत्याही आयाबाईला कोणी विचारलेले नसते. तिच्या वेतनातून कापून दिलेली सवलत ही आपली दानशीलता नव्हे. ती तिने नकळत दिलेली देणगी असते आणि तिची पावतीही तिला मिळत नाही. २००६ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने मान्य केलेल्या योजनेनुसार धर्मादाय रुग्णालयांनी १० टक्के खाटा निर्धनांसाठी मोफत आणि १० टक्के दुर्बल घटकांसाठी सवलतीच्या दरात राखून ठेवायच्या असतात, तसेच एकूण बिलाच्या २ टक्के रक्कम निर्धन रुग्ण निधीत जमा करायची असते. हे कर्तव्य संस्थेचे आहे. त्याचा भार सर्वांत कमी वेतन घेणाऱ्याच्या खांद्यावर टाकणे आम्हांस मान्य नाही.

याशिवाय रुग्णहिताचाही विचार आहे. सलग दुसरी पाळी करणाऱ्या परिचारिकेकडून औषधाची मात्रा मोजताना चूक होण्याची शक्यता वाढते. हातमोजे न मिळालेला सफाई कामगार संसर्ग स्वतःही घेतो आणि पसरवितोही. नोकरी जाईल या भीतीने जो चूक लपवितो, त्याच्या चुकीतून कोणी काही शिकत नाही. कर्मचाऱ्याचा न्याय आणि रुग्णाची सुरक्षितता या दोन वेगळ्या वाटा नाहीत.

यास अनुसरून मंडळाने पुढील निर्णय केले आहेत.

पहिला, प्रत्येक कर्मचाऱ्याला, मग तो ठेकेदारामार्फत का आलेला असेना, मराठीत लिहिलेले नेमणूकपत्र आणि दरमहा पगारपत्रक मिळेल. ठेकेदाराचे देयक मंजूर करण्यापूर्वी भविष्यनिर्वाह निधी व विम्याच्या चलनांची पडताळणी होईल.

दुसरा, जादा कामाचे वेतन दुप्पट दराने दिले जाईल आणि हजेरीपट कर्मचाऱ्याला पाहण्यास खुला राहील.

तिसरा, परिचारिकांच्या वेतनाबाबत २०१६ च्या सर्वोच्च न्यायालयाच्या निर्देशानुसार नेमलेल्या समितीच्या शिफारशी आम्ही कसोटी म्हणून धरू. दोनशेहून अधिक खाटांच्या रुग्णालयांत शासकीय परिचारिकांइतके, शंभर ते दोनशे खाटांच्या रुग्णालयांत त्याहून फार तर १० टक्के कमी आणि पन्नास ते शंभर खाटांच्या रुग्णालयांत फार तर २५ टक्के कमी वेतन असावे, असे त्या समितीने सुचविले होते.

चौथा, चाळिशी ओलांडलेल्या सर्व कर्मचाऱ्यांची वार्षिक आरोग्य तपासणी येथेच मोफत होईल. इतरांची तपासणी करणाऱ्या घरात आपल्याच माणसांची तपासणी राहून जाऊ नये.

पाचवा, कोणालाही बाजू मांडण्याची संधी दिल्याशिवाय आणि कारण लेखी कळविल्याशिवाय कामावरून कमी केले जाणार नाही. तक्रार निवारण समितीत कर्मचाऱ्यांनी निवडलेले प्रतिनिधी असतील. २०१३ च्या कायद्यानुसार असलेल्या अंतर्गत समितीच्या सदस्यांची नावे प्रत्येक मजल्यावर लावली जातील.

देणगीदारांना आम्ही स्पष्टपणे सांगू इच्छितो की यासाठी पैसा लागेल. इमारतीच्या कोनशिलेवर नाव कोरता येते, तसे वेळेवर झालेल्या पगारावर कोरता येत नाही. तरीही आपल्या दानाचा काही भाग अशा न दिसणाऱ्या कामासाठी असावा, अशी आमची नम्र विनंती आहे. या खर्चाचा स्वतंत्र तपशील पुढील अहवालापासून दिला जाईल, म्हणजे आपणांस तो पारखता येईल.

रुग्णांच्या आप्तेष्टांनाही एक विनंती आहे. वॉर्डातील मावशींना आणि वॉर्डबॉयना आदराने हाक मारा. त्यांच्याविषयी तक्रार असेल तर ती लेखी द्या, तिची दखल घेतली जाईल. परंतु रागाच्या भरात त्यांच्यावर हात उगारू नका. तेही आपल्यासारखेच कोणाच्या तरी घरचे कर्ते आहेत.

आणि आमच्या सहकाऱ्यांनो, आज दिलेला शब्द पाळला जातो की नाही हे पाहण्याचा पहिला अधिकार तुमचा आहे. तो तुम्ही बजवावा, हीच अपेक्षा.