आमची नावे आणि त्यांचे अर्थ
(धर्मग्रामाच्या महोत्सवप्रसंगी कन्नड येथे केलेले भाषण)



परगावी गेल्यावर आम्ही कन्नडचे असे सांगितले की, "मग आपण कानडी बोलता काय?" असा प्रश्न हमखास येतो. नावावरून माणूस फसतो तो असा. आज माणसांच्याच नावांविषयी चार शब्द बोलण्याचा आमचा मानस आहे.

आपल्या भागातील जुन्या पिढीत दगडू, धोंडिबा, कचरू ही नावे पुष्कळ आढळत. जिची लेकरे पाठोपाठ दगावली ती माता पुढच्या बाळास मुद्दाम हलके नाव देई. दगडास दृष्ट लागत नाही, कचऱ्याकडे काळही ढुंकून पाहत नाही, अशी समजूत! समजूत भोळी खरी. पण तिच्यामागे आईचे अश्रू होते.

हेच नाव वाड्यावरच्या तोंडी गेले म्हणजे त्याचा 'दगड्या' होई. हाक मारणारा पोरगेला आणि हाकेस धावणारा पिकल्या केसांचा, तरी त्यात कोणास वावगे वाटत नसे. अशा माणसास स्नानसंस्काराच्या वेळी धर्मगुरूंनी 'पेत्र' म्हणून हाक मारली, तेव्हा त्याच्या अंतःकरणात काय झाले असेल, ह्याची कल्पना आम्ही नातवंडांनी करून पाहावी. जुने नाव टाकण्यात वडीलधाऱ्यांनी चूक केली, असे म्हणण्याचे धाडस आम्हांस तरी होत नाही.

परंतु पेत्र म्हणजे काय? योनाच्या पुत्राचे मूळ नाव शिमोन. प्रभूने त्यास 'केफा' म्हटले. अरामी भाषेत केफा म्हणजे खडक. त्याचेच ग्रीकांत पेत्रोस, पोर्तुगिजांत पेद्रू, इंग्रजांत पीटर, अरबांत बुत्रुस झाले. म्हणजे आजोबांनी दगडू टाकून घेतले ते फिरून दगडूच! मलिक अंबराने 1610 साली जेथे आपली राजधानी वसविली, आणि जे शहर पुढे औरंगाबाद व 2023 पासून छत्रपती संभाजीनगर झाले, त्याचे पहिले नाव खडकी. तेही ह्याच कुळातले.

स्त्रियांच्या नावांतही असेच आहे. प्रेषितांच्या कृत्यांत, विधवांस वस्त्रे शिवून देणारी तबीथा आढळते. ग्रीक भाषेत तिला दोर्कास म्हणत. दोहोंचा अर्थ हरिणी. आमच्या खेड्यातील हरणाबाई ती हीच. मार्गारेट म्हणजे मोती; मग मुक्ताबाई परकी कशी? झेवियर हे तर मुळात घराण्याच्या वाड्याचे नाव. त्याचा बास्क भाषेतील अर्थ 'नवे घर'. आपल्याकडील नवघरे मंडळींनी हे ध्यानात ठेवावे.

कोणी म्हणतील, आपली जुनी नावे अन्य देवतांची आहेत. बरे, मग शेतकऱ्यांचे कैवारी संत इसिदोर ह्यांच्या नावाचा अर्थ पाहावा: मिसर देशातील इसिस देवीचे दान! संत मार्टिन ह्यांचे नाव रोमकरांच्या युद्धदेव मार्सवरून आले. रोमकरांस लिहिलेल्या पत्रात संत पौल जिची शिफारस करतो ती फीबी ग्रीक पुराणांतील देवतेचे नाव धारण करीत होती, आणि ते बदलण्याची गरज पौलास वाटली नाही.

1917 च्या धर्मसंहितेत ख्रिस्ती नाव द्यावे, आईबाप न ऐकतील तर त्यांच्या नावास संताचे नाव जोडून दोन्ही नोंदवावीत, असा नियम होता. 1983 च्या संहितेने ख्रिस्ती भावनेस विसंगत नाव नसावे, एवढेच सांगितले. त्रावणकोरातील नीलकंठ पिल्लै ह्यांस 1745 साली स्नानसंस्कार मिळाला, तेव्हा 'लाजरस' हे नाव तमिळमध्ये उतरवून 'देवसहायम' असे ठेविले. अर्थ दोहोंचा देवाचे साहाय्य. 2022 साली ते संत म्हणून घोषित झाले. आज कोणी मुलास देवसहाय म्हटले तर ते संताचेच नाव होय.

आमच्या घरी नातीच्या नावावरून मोठा वाद झाला. सूनबाईंनी कोठूनसे एक विलायती नाव आणले होते; अर्थ विचारता कोणासच सांगता येईना. पणजीचे नाव हरणाबाई होते, ते मुलांस गावठी वाटे. अखेर 'तबीथा' ठरले व नोंदवहीत तसे लिहिले गेले. घरात मात्र आमच्या सौभाग्यवती तिला हरणीच म्हणतात, आणि ती पोर त्याच हाकेला धावत येते.