वर्तमानपत्राचा धनी कोण?

(शेतकरी व कारागीर बांधवांच्या सभेत दिलेल्या व्याख्यानाचा मजकूर)



आजचा विषय पुढारी आणि वर्तमानपत्रे यांच्या संबंधाचा आहे. हा शहरातल्या शिकल्यासवरल्या मंडळींचा विषय, त्याच्याशी नांगर धरणाराचे, सुताराचे, लोहाराचे काय देणेघेणे, असे कोणी म्हणेल. आमचे म्हणणे नेमके उलट आहे. ज्याच्या घरी चार पत्रे येतात तो एकात दडविलेले दुसऱ्यात वाचून घेतो. ज्याच्या गावी एकच पत्र येते, किंवा हल्ली हातातल्या फोनवर कोणीतरी धाडलेली खबर तेवढी येते, तो फसला म्हणजे पुरता फसतो. आपले मत कोणाला द्यायचे, माल केव्हा विकायचा, कर्जाचा कोणता कायदा आपल्या हिताचा, या सर्व गोष्टी आपण कानी पडेल त्यावरून ठरवितो. सबब आपल्या कानाशी कोण बसला आहे आणि त्याला तेथे कोणी बसविले, हे पाहणे आपलेच काम आहे.

जुन्या नीतिशास्त्रात राजाला साम, दाम, दंड व भेद असे चार उपाय सांगितले आहेत. ते शत्रूसाठी होते. राज्यकर्ते ते वर्तमानपत्रांवरही चालवितात. गोरे होते तेव्हा चालविले, आपले आले तेव्हाही चालविले.

प्रथम दंड घेऊ. मार्च १८७८ मध्ये लॉर्ड लिटन याने देशी भाषांतील पत्रांवर कायदा लादला. त्याच्या आधीच्या दोन वर्षांत दुष्काळाने मुंबई व मद्रास इलाख्यांत लाखो माणसे मेली होती आणि देशी पत्रे सरकारला जाब विचारीत होती. या कायद्याने छापणाराकडून मुचलका व अनामत मागता येई, छापखाना जप्त करता येई, आणि कोर्टात अपील करण्याची सोय नव्हती. यातली खरी मेख अशी की, इंग्रजी पत्रांना हा कायदा लागू नव्हता. काय म्हणून? इंग्रजी पत्र साहेब वाची, वकील वाची; रयत वाचीत नसे. रयतेच्या भाषेत छापले तर ते रयतेपर्यंत पोहोचेल, याचेच सरकारला भय होते. पुढे लॉर्ड रिपन यांच्या कारकीर्दीत तो कायदा रद्द झाला.

साहेब गेला म्हणजे हे दुखणे गेले असे कोणी समजू नये. २५ जून १९७५ च्या रात्री आणीबाणी पुकारली गेली आणि दिल्लीतल्या पुष्कळ छापखान्यांची वीज तोडण्यात आली. दुसऱ्या दिवसापासून मजकूर आधी सरकारी अधिकाऱ्यास दाखवावा आणि मग छापावा, असा हुकूम सुटला. २८ जूनला 'इंडियन एक्स्प्रेस'ने अग्रलेखाची जागा कोरी सोडली. ती कोरी जागा वाचणाराला बरोबर वाचता आली. फेब्रुवारी १९७६ मध्ये बातम्या पुरविणाऱ्या चार संस्था एकत्र करून 'समाचार' नावाची एकच संस्था केली गेली. गावातल्या चार विहिरी बुजवून एकच ठेवली आणि तिच्यावर शिपाई बसविला, असाच हा प्रकार. काही पत्रे झगडली. पुष्कळांनी मुकाट्याने मान तुकविली.

यात इंदिरा गांधींचे तरी काय साधले? जानेवारी १९७७ मध्ये त्यांनी निवडणूक जाहीर केली आणि मार्चमध्ये त्या स्वतःच्या मतदारसंघातही हरल्या. सगळीकडे जयजयकारच छापून येत होता, तेव्हा रयतेच्या मनातला राग त्यांच्यापर्यंत पोहोचलाच नाही, असे कित्येक जाणकारांनी लिहून ठेवले आहे. राखणदाराच्या तोंडाला फडके बांधले तर चोर आल्याचे धन्यालाही कळत नाही.

दंडाचा बोभाटा होतो. दामाचा होत नाही. म्हणून दाम अधिक घातकी. सरकारी जाहिरात ज्या पैशातून निघते तो पैसा आपला. खताच्या गोणीवर आणि लोखंडाच्या पट्टीवर आपण कर भरतो. त्यातून पुढाऱ्याचा हसरा मुखडा पानभर छापला जातो, आणि ते पान मिळावे म्हणून पत्राचा मालक पुढाऱ्याशी नरमाईने वागतो. १३ मे २०१५ रोजी सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, सरकारी जाहिरातीत राष्ट्रपती, पंतप्रधान व सरन्यायाधीश यांच्याखेरीज कोणा पुढाऱ्याचे चित्र छापू नये. लगेच राज्यांच्या व केंद्राच्या सरकारांनी फेरविचाराची मागणी केली, आणि मार्च २०१६ मध्ये मुख्यमंत्री, राज्यपाल व मंत्री यांनाही मोकळीक मिळाली. शेतकऱ्याच्या अर्जाला इतक्या लवकर उत्तर आल्याचे आम्ही तरी ऐकले नाही.

दामाचा दुसरा प्रकार निवडणुकीतला. आपल्यातल्या वडीलधाऱ्या माणसांना बाजारातला रुमालाखालचा सौदा आठवत असेल. अडत्या आणि व्यापारी रुमालाखाली एकमेकांची बोटे दाबून भाव ठरवीत, आणि ज्याचा माल तो शेतकरी शेजारी उभा राहून रुमालाकडे पाहत बसे. तो सौदा मोडावा म्हणून कायद्याने उघड लिलाव आणावा लागला. बातमीच्या बाजारात तोच रुमाल पुन्हा पसरला गेला. उमेदवाराने पैसा मोजायचा आणि पत्राने त्याची स्तुती जाहिरात म्हणून नव्हे, तर बातमी म्हणून छापायची. २००९ च्या महाराष्ट्र विधानसभेच्या निवडणुकीनंतर पत्रकार पी. साईनाथ यांनी दाखवून दिले की, एकमेकांशी स्पर्धा करणाऱ्या मराठी दैनिकांत एकाच पुढाऱ्याच्या स्तुतीचा मजकूर शब्दशः तोच आला होता. निरनिराळ्या तीन लेखण्यांतून एकच ओळ आपोआप उतरत नाही. २०१० साली प्रेस कौन्सिलनेही या विकत घेतलेल्या बातम्यांचा रोग मान्य केला. उत्तर प्रदेशातील बिसौली येथील एका आमदारबाईंनी २००७ च्या निवडणुकीत अशा मजकुराचा खर्च हिशेबात दाखविला नव्हता. सबब निवडणूक आयोगाने २० ऑक्टोबर २०११ रोजी त्यांना तीन वर्षे अपात्र ठरविले. तक्रार केली होती हरलेल्या उमेदवाराने. वाचकांचा मात्र तेथे कोणी वाली नव्हता, आणि फसविला तर गेला होता वाचकच.

आता साम. साम म्हणजे गोडीगुलाबी. बातमीदाराला मोटारीत शेजारी बसविणे, दौऱ्यात बरोबर नेणे, सवलतीच्या घराची आशा लावणे, खांद्यावर हात ठेवून नावाने हाक मारणे. ज्याच्या ताटात आज जेवलो त्याच्याविरुद्ध उद्या लिहिताना हात अडखळतो, हा मनुष्यस्वभाव आहे. याचा परिणाम असा होतो की, पुढारी जाईल तिकडे बातमीदार जातो. २००६ सालची गोष्ट घ्या. मुंबईत कपड्यांच्या फॅशनचा आठवडा भरला तेव्हा तेथे पाचशेहून अधिक पत्रकार नोंदले गेले होते. अंगावर मिरविले जात होते ते सुती कापड. ज्या विदर्भात कापूस पिकतो तेथे त्याच काळात शेतकरी गळफास घेत होते, विषाचे डबे तोंडाला लावीत होते. त्यांच्या दारी जाणारे बातमीदार बोटांवर मोजण्याइतके होते, असे साईनाथांनीच लिहिले आहे. त्याच वर्षी जूनच्या अखेरीस पंतप्रधान मनमोहन सिंग विदर्भात आले आणि सहा जिल्ह्यांसाठी ३,७५० कोटी रुपयांची मदत जाहीर झाली, तेव्हा मात्र बातमीदारांची रीघ लागली. मेलेल्याच्या घरी दिवा लागला तो पुढाऱ्याच्या मोटारीच्या उजेडाने!

राहिला भेद. जो गोड लिहील त्याला आतली खबर द्यायची आणि जो टोचून विचारील त्याला दाराबाहेर ठेवायचे. हल्ली तर मध्यस्थच नको, अशी युक्ती निघाली आहे. पंतप्रधान नरेंद्र मोदी यांनी ३ ऑक्टोबर २०१४ रोजी आकाशवाणीवरून 'मन की बात' सुरू केली. राज्यकर्त्याने थेट रयतेशी बोलावे यात वाईट काही नाही. परंतु रेडिओला उलट प्रश्न विचारता येत नाही. १७ मे २०१९ रोजी दिल्लीत त्यांच्या पक्षाने पत्रकारांची सभा बोलाविली. पंतप्रधान तेथे हजर होते, पण त्यांनी प्रश्नांना उत्तरे दिली नाहीत. पक्ष कोणताही असो, आमची कसोटी एकच आहे. जो बोलतो आणि प्रश्नही घेतो तो सेवक. जो नुसता बोलतो त्याने आपल्याला श्रोते मानले आहे, धनी मानलेले नाही.

हे सर्व आम्ही दुसऱ्याच्या घराकडे बोट दाखवून बोललो. आता आपल्या घरात दिवा लावू. जोतीराव फुल्यांनी 'शेतकऱ्याचा असूड' १८८३ साली पुरा केला. त्याची पहिली दोन प्रकरणे आपल्याच चळवळीच्या 'दीनबंधू'त छापली गेली आणि पुढची थांबली. सरकारची भीती आपल्यांच्याही छापखान्यात शिरली होती. जोतीरावांना त्याचा फार संताप आला. पुढे १९२० साली डॉ. आंबेडकरांनी 'मूकनायक' काढले, त्याला शाहू महाराजांनी २,५०० रुपये दिले. हे साह्य थोर होते. ज्यांना तोंड नव्हते त्यांना त्याने तोंड दिले. पण एका उदार हातावर पत्र फार दिवस तगत नाही. 'मूकनायक' थोड्याच वर्षांत बंद पडले, आणि १९२७ साली निघालेले 'बहिष्कृत भारत' पैशाच्या टंचाईने १९२९ मध्ये थांबले. याउलट मुकुंदराव पाटलांचा 'दीनमित्र' पाहा. १९१० साली निघालेले हे पत्र नेवासे तालुक्यातल्या तरवडीसारख्या खेड्यातून १९६७ पर्यंत चालले. शहराचा आधार नसता खेड्याने खेड्याचे पत्र अर्धशतकाहून अधिक काळ चालविले, ही गोष्ट लहान नाही.

पुष्कळ पत्रे हल्ली पुढाऱ्यांच्या घराण्यांची किंवा पक्षांचीच आहेत. 'लोकमत' दैनिक १९७१ साली नागपुरास निघाले ते जवाहरलाल दर्डा यांनी काढले, व ते पुढे राज्यात मंत्री झाले. शिवसेनेने 'सामना' काढला तो उघडपणे आपल्या पक्षासाठी. पुढाऱ्याचे पत्र असणे हा गुन्हा नव्हे. जो आपली पाटी दारावर लावून बोलतो त्याचे बोलणे आपण त्या हिशेबाने ऐकतो. धोका असतो तो पाटी न लावणाऱ्याचा.

मग आपण करावे काय? आम्ही चार गोष्टी सांगतो, त्यांना फार शिक्षण लागत नाही.

पहिली, मालक ओळखा. फेब्रुवारी सरल्यावरच्या अंकात पत्राने मालकीचे निवेदन छापावे, अशी रीत १९५६ च्या नियमांनी घातली. ते बारीक अक्षर आपण कधी वाचले नाही. ते मुलांकडून मोठ्याने वाचून घ्या.

दुसरी, निवडणूक आली म्हणजे दोन निरनिराळी पत्रे शेजारी ठेवा. एकाच माणसाची स्तुती एकाच शब्दांत दिसली की रुमाल ओळखावा.

तिसरी, गावातली खबर स्वतः लिहून धाडा. पाटाला पाणी किती दिवस आले नाही, वजनात किती किलो कापले, सुताराच्या मजुरीचे पैसे कोणी बुडविले, हे तारीखवार लिहा. पुढारी येईल तेव्हाच गावाची बातमी व्हावी, असा काही देवाचा नियम नाही.

चौथी गोष्ट सर्वांत महत्त्वाची. जे पत्र आपल्यासाठी लिहिते त्याची वर्गणी भरा. दहा घरांनी मिळून एक अंक घ्यावा, पण तो विकत घ्यावा. बलुतेदाराला आपण खळ्यावर माप घालीत होतो, कारण त्याने वर्षभर आपले काम केलेले असे. पत्रकर्ता हाही असाच एक बलुतेदार आहे. आपण माप घातले नाही तर त्याला दुसऱ्याच्या खळ्यावर जावे लागेल, आणि ज्याच्या खळ्यावर तो जाईल त्याचेच काम तो करील. त्याच्या नावाने मग बोटे मोडण्यात काय अर्थ?

वर्गणी भरलीत म्हणजे आणखी एक हक्क येतो. ज्या पुढाऱ्याला आपण आपला म्हणतो त्याचेही दोष त्या पत्राने छापले पाहिजेत, आणि ते वाचून आपण अंक परत पाठवता कामा नये. परक्याचे दोष छापायला धैर्य थोडे लागते. आपल्या पुढाऱ्याचे दोष छापणारे पत्र आणि ते सोसणारा वाचक, हे दोघे भेटले म्हणजे साम, दाम, दंड, भेद यांपैकी एकाही उपायाचा फारसा जोर चालत नाही. ते पत्र चालू ठेवणे आता आपल्या सर्वांच्या हाती आहे.