हप्ता नको, बेरीज बघा



शाळेत व्याजाची गणितं आपण मार्कांसाठी सोडवली. आज कर्वेनगरात किंवा आणखी कुठे घर घेतलेल्या आपल्यापैकी अनेकांच्या घरात तीच गणितं नांदतायत, म्हणून थोडी उजळणी.

कर्ज ५० लाख, दर ८.५ टक्के, मुदत २० वर्षं. हप्ता साधारण ४३,४०० रुपये. पहिल्या हप्त्यातले ३५,४०० व्याजातच जातात. मुद्दल फिटतं जेमतेम ८,०००. निम्मं मुद्दल फिटायला जवळपास १४ वर्षं लागतात. एकूण भरणा १ कोटी ४ लाख. मुदत ३० वर्षं केली तर हप्ता ५,००० रुपयांनी उतरतो, पण व्याज ५४ लाखांवरून ८८ लाखांवर जातं.

मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ मध्ये रेपो दर ४ वरून ६.५ टक्क्यांवर गेला. अनेकांचा हप्ता तेवढाच राहिला, मुदत मात्र गुपचूप लांबली. आपण चाळिशी ओलांडलेली माणसं. पगार साठीला थांबेल, हप्ता थांबेलच असं नाही.

रिझर्व्ह बँकेच्या ऑगस्ट २०२३ च्या परिपत्रकानुसार दर बदलताना हप्ता वाढवायचा की मुदत, हे आपण निवडू शकतो. बदलत्या दराच्या गृहकर्जावर मुदतपूर्व परतफेडीचा दंडही नाही. वरच्या उदाहरणात दरवर्षी एक जादा हप्ता भरला, तर कर्ज तीन वर्षांहून जास्त आधी संपतं.

घरी गेलात की स्टेटमेंट काढा आणि उरलेले हप्ते मोजा. अडलं तर फोन करा. गणित मिळून सोडवू.