हातोड्याआधी वही

(कुंभारवाडा, तालुका जोयडा, जिल्हा उत्तर कन्नड येथे भरलेल्या भूविज्ञान विद्यार्थ्यांच्या क्षेत्राभ्यास शिबिरात पहिल्या सायंकाळी विभागाच्या प्रसिद्धी अधिकाऱ्यांनी केलेले भाषण)



उद्यापासून आपण या परिसरातील ओढे व टेकड्या पायाखाली घालणार आहात. खडकांविषयी आपले अध्यापक बोलतीलच. तो माझा अधिकार नव्हे. मी कलाशाखेचा पदवीधर. भूवैज्ञानिकांच्या मागोमाग हिंडावे आणि त्यांचे काम सामान्य वाचकाला समजेल अशा भाषेत मांडावे, हा माझा व्यवसाय. मागून चालणाऱ्यास पुढच्यांच्या चुका अधिक स्पष्ट दिसतात असे म्हणतात. मला मात्र प्रथम माझीच एक चूक सांगावयाची आहे.

नोकरीच्या सुरुवातीच्या काळात एका प्रदर्शनासाठी मी एक अतिशय देखणा दगड उचलून आणला. तांबड्या व काळसर पट्ट्यांची सुबक नक्षी असलेला, वजनाने भारी. मोठ्या अभिमानाने तो मी आमच्या एका ज्येष्ठ भूवैज्ञानिकांपुढे ठेवला. त्यांनी तो हातात घेतला, भिंगातून पाहिला आणि विचारले, "कोठला?" मी तालुक्याचे नाव सांगितले. "तालुक्यात कोठे? मूळ जागी होता की ओढ्यात वाहून आलेला? पट्ट्यांची दिशा कोणती होती?" मजजवळ उत्तर नव्हते. त्यांनी तो दगड सावकाश टेबलावर ठेवला व म्हणाले, "मग हा कागद दाबावयास चांगला आहे." तो दगड अद्याप माझ्या टेबलावर आहे आणि तेच काम करीत आहे.

नमुना घेण्यापूर्वी वहीत जागा लिहावी, हे या प्रसंगाने मला शिकविले. प्रत्येक थांब्यास क्रमांक द्यावा. तोच क्रमांक नकाशावर, नमुन्याच्या पिशवीवर आणि प्रत्यक्ष नमुन्यावरही असावा, कारण पिशव्या फाटतात. लिखाण पेन्सिलीने करावे; ओल्या हाताने शाई टिकत नाही. पाहिले ते एका बाजूस आणि त्यावरून वाटले ते दुसऱ्या बाजूस लिहावे. सहा महिन्यांनी आपला अंदाज बदलला तरी निरीक्षण अबाधित राहिले पाहिजे. छायाचित्र घेताना शेजारी पट्टी अथवा हातोडा ठेवावा आणि आपण कोणत्या दिशेकडे तोंड करून उभे आहोत हेही नोंदवावे. घडीचे सुंदर छायाचित्र आहे, परंतु ती वीतभर आहे की डोंगराएवढी हे समजत नाही, अशी चित्रे आमच्या संग्रहात पुष्कळ आहेत.

आपणांपैकी बहुतेकजण महाराष्ट्रातून आला आहात. तेथील चार-पंचमांशाहून अधिक भूमी काळ्या कातळाने व्यापलेली आहे. तो लाव्हारसाचा, सुमारे ६ कोटी ६० लक्ष वर्षांपूर्वीचा, आणि त्याचे थर बहुतांशी आडवे. दक्षिणेकडे येता येता तो संपतो, आणि येथे आपण २५० कोटी वर्षांहून जुन्या धारवाडी खडकांवर उभे असतो. हे खडक दबले, घड्या पडून उभे राहिले, त्यांचे मूळ रूप पालटले. सपाट थरांस सरावलेल्या नजरेची येथे खरी परीक्षा आहे. या भागाचा पद्धतशीर अभ्यास रॉबर्ट ब्रूस फूट यांनी केला. दक्षिण मराठा मुलूख व लगतच्या जिल्ह्यांवरील त्यांचा ग्रंथ १८७६ साली भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणाने प्रसिद्ध केला, आणि धारवाड हे नाव या खडकसमूहास पुढे त्यांनीच दिले. १८६३ मध्ये मद्रासजवळ पल्लावरम येथे अश्मयुगीन हत्यार ज्यांनी ओळखले, तेच हे फूट.

आता नकाशाविषयी. भारतीय सर्वेक्षण विभागाच्या जुन्या क्रमांकपद्धतीत हा मुलूख ४८-आय या विभागात येतो. १:५०,००० प्रमाणाच्या पत्रकावर दोन सेंटिमीटर म्हणजे जमिनीवरील एक किलोमीटर. नकाशा सायंकाळी वाचून ठेवावा, ओढे निळ्या पेन्सिलीने ठळक करावेत आणि थरांच्या रोखास आडवा छेद देणारा ओढा प्रथम निवडावा. त्या एका वाटेत अधिकाधिक खडक भेटतात. भ्रमणध्वनीवरील स्थाननिर्देशक उपयुक्त आहे, परंतु दाट झाडीखाली तो पुष्कळदा अनेक मीटर चुकतो, आणि विद्युत्घट संपल्यावर तर तो माझ्या दगडाएवढ्याच उपयोगाचा. म्हणून शंभर मीटरला आपली पावले किती पडतात ते आजच मोजून ठेवा.

येथे एक विशेष अडचण आहे. माथ्यावर जांभ्याचे जाड आवरण, उतारावर जंगल आणि पालापाचोळा. मूळ खडक दिसतो तो ओढ्याच्या पात्रात, रस्त्याच्या कापात अथवा नव्या विहिरीच्या खोदकामात. पात्रातला प्रत्येक मोठा धोंडा मूळ जागचा असतोच असे नाही. शेजारच्या दोन-तीन ठिकाणी थरांचा रोख व कल जुळतो का ते पाहावे. जुळत नसेल तर शंका घ्यावी. नतिलंब म्हणजे कललेल्या थरावरील आडव्या रेषेची दिशा, आणि नती म्हणजे त्या रेषेशी काटकोनात मोजलेला उतार. दोन्ही मोजताना हातोडा दूर ठेवावा, हे आपणांस शिकविलेले असेलच. परंतु धारवाडी प्रदेशात लोहखनिजाचे पट्टे असतात, व त्यांत मॅग्नेटाइट असेल तर हातोडा कितीही दूर ठेवला तरी होकायंत्राची सुई खोटे सांगते. अशा वेळी दूरच्या दोन ओळखीच्या खुणांमधील कोन एकदा एका टोकाकडून आणि एकदा दुसऱ्या टोकाकडून मोजावा. दोन्हींत १८० अंशांचा फरक पडला नाही, तर तेथील सर्व वाचने कंसात टाकावीत.

विरल हायड्रोक्लोरिक आम्लाची छोटी कुपी जवळ असावी. चुनखडकावर थेंब पडताच तो फसफसतो. डोलोमाइट बहुधा भुकटी केल्यावरच फसफसतो. मात्र या भागातील कवळा गुहेत चुनामिश्रित पाणी ठिबकून तयार झालेले जे शिवलिंग भाविक पूजतात, त्यावर हा प्रयोग करण्याचे कोणाच्या मनातही येऊ नये.

ग्रंथांविषयी थोडक्यात सांगतो. लाही यांचे क्षेत्रभूविज्ञानावरील पुस्तक १९१६ मध्ये निघाले, कॉम्प्टन यांचे १९६२ मध्ये. दोन्ही जाडजूड आहेत, ती वसतिगृहात ठेवावीत. बार्न्स यांची १९८१ ची नकाशालेखनावरील पुस्तिका झोळीत मावते. कर्नाटकाच्या भूविज्ञानावर राधाकृष्ण व वैद्यनाधन यांचा ग्रंथ अवश्य पाहावा. भूवैज्ञानिक सर्वेक्षणाचे नकाशे आता 'भूकोश' या संकेतस्थळावर पाहावयास मिळतात. मराठी परिभाषेसाठी मराठी विश्वकोशाचा मी स्वतः नित्य आधार घेतो.

यानंतरचा विषय कोणत्याही पुस्तिकेत नसतो, आणि त्यासाठीच मी आज उभा राहिलो. जोयडा तालुक्याचे पूर्वीचे नाव सुपा. काळी नदीवर धरण झाले आणि १९८०च्या दशकात ते सुपा गाव पाण्याखाली गेले. धरणापूर्वी तेथे मोजणीदार आले होते. या तालुक्यात मँगनीजच्या खाणी चालल्या. त्यांपूर्वी हातोडेवाले आले होते. अणशी-दांडेलीचे जंगल २००७ साली व्याघ्र प्रकल्प झाले, २०१५ मध्ये त्यास काळी हे नाव मिळाले. त्याही आधी नकाशे घेऊन माणसे आलीच असतील. आज दुपारी एका वयोवृद्ध शेतकऱ्यांनी मला त्यांच्या कोकणीत विचारले, "साहेब, या वेळी काय आहे? धरण, खाण, की आम्हांला उठवणार?" मी म्हणालो, "आजोबा, मुले शिकावयास आली आहेत." ते काही बोलले नाहीत. त्यांचा विश्वास बसला असे मला वाटत नाही, आणि त्याबद्दल मी त्यांना दोष देऊ शकत नाही.

म्हणून कोणाच्या कुळागरात अथवा शेतात विचारल्यावाचून पाऊल टाकू नये. बांधाचा, विहिरीच्या काठाचा अथवा देवराईतील दगड फोडू नये. नकाशा लपवू नये. उलट उघडून दाखवावा, त्यावर त्यांचे घर शोधून द्यावे. ओढ्यांची व टेकड्यांची खरी नावे तेच सांगतील, आणि विहिरीस किती खोलीवर कठीण खडक लागला हेही. 'येथे काय सापडले?' असे कोणी विचारल्यास सोने, लोखंड असली फुशारकी थट्टेतही मारू नये. त्या एका शब्दाने गावाची झोप उडते, आणि आपण तर आठवड्याने निघून जाणार.

वनखात्याची परवानगी आपल्या शिबिराने घेतली आहे. तिची प्रत प्रत्येक तुकडीने बाळगावी. वन कायद्याच्या व्याख्येनुसार जंगलातील दगड व खनिज हेही वनोपजच ठरते, तेव्हा परवान्यात नमूद केलेल्या जागांबाहेरील नमुना पिशवीत टाकू नये. अंधार पडण्यापूर्वी परत यावे. एकट्याने ओढ्यात उतरू नये. जंगलात भ्रमणध्वनीचा संपर्क मिळेलच असे नाही, म्हणून जाणारी वाट व परतण्याची वेळ येथील फळ्यावर लिहूनच निघावे.

उद्याच्या कार्यक्रमात मी अध्यापकांच्या संमतीने थोडा बदल केला आहे. सकाळी आठ वाजता ओढ्याकडे न जाता आपण सर्वजण पंचायतीच्या कट्ट्यावर जमू. दुपारचे ते आजोबाही तेथे येणार आहेत. नकाशा तेथे पसरावा, आणि त्यांना काय सांगावयाचे ते आपणांपैकी एकाने आज रात्री तयार करून ठेवावे. मी बोलणार नाही.