अनू गप्प का राहिली?

गेल्या शनिवारी बचत गटाची बैठक आटोपल्यावर आम्ही नऊ जणी एका मोबाइलभोवती बसलो आणि ‘क्रिमिनल जस्टिस : बिहाइंड क्लोज्ड डोअर्स’ या हिंदी मालिकेचा पहिला भाग पाहिला. ही २०२० सालची मालिका. अनूचं काम कीर्ती कुल्हारीनं केलंय आणि तिच्या वकिलाचं पंकज त्रिपाठींनी.

गोष्ट मुंबईतली. अनूचा नवरा नामांकित वकील. मोठं घर, गुणी मुलगी, लोकांत मान. बाहेरून बघणाऱ्याला वाटावं, हिला काय कमी आहे! आणि एका रात्री अनू नवऱ्याच्या पोटात सुरा खुपसते. गुन्हा कबूल करते, पण का केलं ते सांगत नाही.

पाहता पाहता आमच्यातली एक म्हणाली, “एवढा चांगला नवरा आणि हिनं असं केलं!” आम्ही सगळ्यांनी माना डोलावल्या. मग आमचं आम्हालाच जाणवलं, की तो चांगला आहे हे आम्ही ठरवलं कशावरून? त्याच्या कोटावरून आणि बोलण्यावरून. बंद दाराआड नवरा तिच्यावर जबरदस्ती करत होता, हे पुढच्या भागांत उलगडतं.

सुरा चालवणं बरोबर, असं आम्ही म्हणत नाही. पण अनूला त्या रात्रीच्या आधी कुणाशी बोलता आलं असतं तर? २००५ च्या कौटुंबिक हिंसाचार कायद्यात नुसती मारहाण येत नाही. टोमणे, धमक्या, पैशाची अडवणूक आणि नवऱ्यानं केलेली लैंगिक जबरदस्तीही येते. संरक्षण अधिकाऱ्याकडे तक्रार करता येते. १८१ ही महिलांची हेल्पलाइन आहे.

आता पोलीस ठाण्याचं. आपल्यापैकी कुणावर वेळ आली तर एवढं ध्यानात असू द्या. अगदी अपवादाची परिस्थिती सोडली, तर बाईला सूर्यास्तानंतर आणि सूर्योदयाआधी अटक करता येत नाही. तसा अपवाद असला, तरी महिला पोलीस अधिकाऱ्यानं आधी मॅजिस्ट्रेटची परवानगी घ्यावी लागते. अटकेनंतर प्रवासाचा वेळ सोडून २४ तासांच्या आत मॅजिस्ट्रेटपुढे उभं करावंच लागतं. पोलिसांपुढे दिलेली गुन्ह्याची कबुली कोर्टात पुरावा म्हणून चालत नाही. म्हणून घाबरून काही बोलण्याआधी वकील मागा.

“वकिलाला पैसे कुठून आणायचे?” हा आमच्या बैठकीतला पहिला प्रश्न. तर ऐका. १९८७ च्या विधी सेवा कायद्यानं प्रत्येक बाईला सरकारी खर्चानं वकील मिळतो. त्यासाठी उत्पन्नाची अट नाही. तालुक्याच्या कोर्टात विधी सेवा समिती असते, तिथे साधा अर्ज द्यायचा. फोन करायचा तर नंबर १५१००.

त्या दिवशी निघताना आमच्यातली एक जण मागे रेंगाळली. ती नेहमी हप्ता वेळेवर भरते, कडक उन्हाळ्यातही लांब बाह्यांचं पोलकं घालते आणि फारशी बोलत नाही. आम्ही तिला काही विचारलं नाही, नुसता चहा टाकला. चहा निवेपर्यंत ती गप्प होती, मग बोलू लागली. दिवेलागणीपर्यंत आम्ही ऐकत होतो. सोमवारी तिच्याबरोबर आम्ही दोघी तालुक्याला जाऊन आलो.

तुमच्या गटातही अशी कुणी असेल. तिच्याजवळ बसा.