सकाळचं शरीर, दुपारचं शरीर

लेकरांच्या पदवीसाठी आज कामाचा खाडा करून आलेले आईवडील, आणि माझ्या तरुण मित्रमैत्रिणींनो,

समाजशास्त्र शिकवण्यात माझं आयुष्य गेलं. म्हणून आज माझ्याच विषयातलं बोलते: अपंगत्व, आणि वर्षानुवर्षं पाठ न सोडणारी आजारपणं.

माधवनगरात उभं राहून हा विषय काढायचा तर लांब जावं लागत नाही. पलीकडे मिरज आहे. डॉ. विल्यम वॉनलेस यांनी 1894 साली तिथे रुग्णालय सुरू केलं, आणि तेव्हापासून पार कर्नाटकातली माणसं आपलं दुखणं घेऊन मिरजेला उतरत आली आहेत. क्षयरोग्यांचं आरोग्यधाम वॉनलेसवाडीला होतं, कुष्ठरोग्यांसाठी मिरजेत वेगळं रुग्णालय होतं. आजारी माणसाकडे पाहण्याची सवय या भागाइतकी दुसरीकडे क्वचितच असेल. तरीही आपण त्याचं ऐकून घेतो का, हा माझा प्रश्न आहे.

इस्लामपूरजवळच्या पेठचे मुरलीकांत पेटकर तुम्हाला माहीत आहेत. निदान त्यांच्यावरच्या 2024 च्या चित्रपटामुळे तरी. सैन्यात बॉक्सिंग करणारा हा तरुण. 1965 च्या युद्धात गोळ्या लागल्या, कमरेखालचं शरीर गेलं. 1972 साली जर्मनीत हायडेलबर्गच्या पॅरालिम्पिकमध्ये ते 50 मीटर फ्रीस्टाइल 37.33 सेकंदांत पोहले, विश्वविक्रम केला आणि सुवर्णपदक आणलं. त्यांना पद्मश्री मिळाली 2018 साली. मध्ये 46 वर्षं गेली. आटपाडी तालुक्यातल्या करगणीच्या सचिन खिलारींनी 2024 मध्ये पॅरिसला 16.32 मीटर गोळा फेकून रौप्यपदक मिळवलं, तेव्हा मात्र त्याच रात्री त्यांचं नाव गावोगाव पोहोचलं. एवढा बदल आपल्याच जिल्ह्यात झाला, याचा मला खरंच आनंद आहे.

पण पदक जिंकलेल्या अपंग माणसाचं कौतुक करणं सोपं असतं. त्याच करगणीत, त्याच पेठेत जी माणसं पोहत नाहीत, गोळा फेकत नाहीत, त्यांना फक्त बँकेत जाऊन सही करायची आहे, मुलीला शाळेत सोडायचं आहे. त्यांच्या वाट्याला कौतुक येत नाही. त्यांच्या वाट्याला येतो तो संशय, आणि आज मला त्याबद्दल बोलायचं आहे.

टॅलकॉट पार्सन्स या अमेरिकी समाजशास्त्रज्ञाने 1951 साली एक गोष्ट नीट मांडली. आजारी माणसाला समाज सूट देतो: कामावर येऊ नको, पडून राहा. पण बदल्यात त्याने डॉक्टरचं ऐकायचं आणि लवकर बरं व्हायचं, अशी अपेक्षा असते. टायफॉइडला हे लागू पडतं. मधुमेहाला, संधिवाताला, निकामी झालेल्या मूत्रपिंडाला लागू पडत नाही, कारण तिथे ‘बरं होणं’ नावाचं स्टेशन येतच नाही. मग पहिल्या महिन्यात घरचे पेज करून देतात, सहाव्या महिन्यात विचारतात, ‘अजून गोळ्या चालूच?’ आणि दोन वर्षांनी लग्नकार्यात कुणीतरी म्हणतं, ‘दिसतेय तर ठणठणीत.’

माझ्या एका मावशींना संधिवात होता, सांध्यांना सूज आणणारा. सकाळी उठल्या की बोटं आखडलेली असायची. गॅसचं बटण दाबून फिरवणं जमायचं नाही, ब्लाऊजचे हूक लागायचे नाहीत. भाकरी थापायला तळहात सपाट पडावा लागतो, तो पडायचाच नाही, मग त्या मनगटाच्या कडेने पीठ दाबत बसायच्या. तास-दीड तासाने सांधे हळूहळू मोकळे व्हायचे. दुपारी दोन वाजता शेजारीण यायची तेव्हा मावशी धुणं वाळत घालताना दिसायच्या. शेजारणीने दुपारचं शरीर पाहिलं होतं, सकाळचं नाही. घरात सून होती, तिने दोन्ही पाहिली होती, तरी तिलाही कधीकधी वाटायचं की सासूबाई सकाळच्या कामापुरतंच दुखणं काढतात. मी तिला दोष देत नाही. सकाळचं ते सगळं काम तिच्या अंगावर पडत होतं.

मायकेल बरी या इंग्रज अभ्यासकाने 1982 मध्ये अशाच संधिवाताच्या रुग्णांशी बोलून लिहिलं की दीर्घ आजार माणसाच्या आयुष्याची कहाणीच मध्ये तोडतो. पुढे काय करायचं हे त्याने ठरवलेलं असतं, आपण कोण आहोत हे त्याने मानलेलं असतं, ते सगळं पुन्हा जुळवावं लागतं. मावशींना भाकरीचं दुःख होतं ते भूक भागण्यापुरतं नव्हतं. त्यांच्या हातच्या भाकरीचं पै-पाहुण्यांत नाव होतं.

आता दुसरं उदाहरण बघा. हा टापू कापसाचा, सुताचा. माधवनगर कॉटन मिलचं नाव इथल्या जुन्या माणसांच्या तोंडी अजून आहे. विट्याला यंत्रमाग आहेत, इचलकरंजी जवळच. कापसाच्या बारीक धुळीने फुप्फुसांचा एक आजार होतो, बिसिनोसिस. त्याची खूण मोठी विलक्षण आहे. सुरुवातीच्या काळात साप्ताहिक सुट्टीनंतर कामावर परतलेल्या पहिल्या दिवशी छाती जास्त आवळते, आणि पुढच्या दिवसांत जरा सैल होते. म्हणजे कामगार सुट्टी घेऊन येतो आणि त्याच दिवशी म्हणतो, दम लागतोय. मुकादमाला वाटणार, सुट्टी अंगात भिनली आहे. वास्तविक त्याची छाती वैद्यकशास्त्राच्या पुस्तकात लिहिलेलीच लक्षणं सांगत असते. नुकसानभरपाईच्या 1923 च्या कायद्याच्या अनुसूचीत हा व्यवसायजन्य रोग म्हणून नोंदलेला होता. पण अनुसूचीत नाव असणं वेगळं आणि मुकादमाने, मग डॉक्टरने, मग कार्यालयाने त्या माणसाच्या शब्दावर भरवसा ठेवणं वेगळं.

स्वयंपाकघरातल्या मावशी आणि कापसाच्या धुळीतला कामगार एकमेकांना कधी भेटले नसतील. दोघांचं शरीर वेळेप्रमाणे बदलतं, आणि पाहणाऱ्याला ते बदलणं खोटेपणासारखं वाटतं.

अडथळा पाहणाऱ्याच्या नजरेत असतो तसा बांधकामातही असतो. 1976 साली इंग्लंडमधल्या अपंग कार्यकर्त्यांच्या एका संघटनेने जाहीरपणे सांगितलं की आम्हाला अपंग करतो तो समाज. पाय चालत नाहीत ही शरीराची गोष्ट झाली, पण इमारतीत शिरता येत नाही ही इमारत बांधणाऱ्याची करणी. मायकेल ऑलिव्हर यांनी पुढे याची सविस्तर मांडणी केली. मला हे पटतं, आणि ते पटायला एसटी स्टँडवर तासभर उभं राहिलं तरी पुरे. अपंग प्रवाशाला तिकिटात 75 टक्के सवलत आहे, गाडीत राखीव आसन आहे. पण त्या आसनापर्यंत जायला उंच पायऱ्या चढाव्या लागतात, त्याही मागून लोक ढकलत असताना. सवलत खरी आहे, देणाऱ्यांचा हेतूही चांगला आहे, पण ती दाराच्या आत सुरू होते. जो बाहेर राहिला त्याच्या 75 टक्क्यांचा हिशेब कुठेच लागत नाही.

यावर जेनी मॉरिससारख्या अपंग स्त्रियांनीच पुढे एक भर घातली: उतार बांधला, दार रुंद केलं, तरी वेदना उरते, थकवा उरतो, त्याबद्दलही बोलू द्या. मला ही भर फार मोलाची वाटते. डायलिसिसचं बघा. आठवड्यातून दोनतीन वेळा, दर वेळी चार तासांच्या आसपास. महात्मा फुले जनआरोग्य योजनेतून उपचाराचा खर्च भागू शकतो. पण यंत्राखालून उठल्यावर जो गळाठा येतो तो कोणत्याही योजनेत बसत नाही. सोबत आलेल्या बायकोची बुडालेली मजुरीही बसत नाही. ज्युलिएट कॉर्बिन आणि अन्सेल्म स्ट्राउस यांनी दीर्घ आजाराला घरादाराने मिळून केलेलं, न संपणारं काम म्हटलं आहे. गोळ्यांच्या वेळा, पथ्य, रिपोर्टची पिशवी, पुढची तारीख. हे काम आपल्याकडे बहुतेक घरांत बाईच करते, आणि तिला कुणी विचारलं तर ती सांगते, ‘मी काय, घरीच असते.’

कायदाही उशिराच ऐकतो. कुष्ठरोग बहुविध औषधोपचाराने पूर्ण बरा होतो, आणि 1980 च्या दशकापासून ती औषधं वापरात आहेत. तरी नवऱ्याला किंवा बायकोला कुष्ठरोग आहे एवढ्या कारणावर घटस्फोट मागण्याची तरतूद आपल्या विवाहविषयक कायद्यांत 2019 पर्यंत होती. गोळीने जंतू मेला, पण कागदावरचा कलंक आणखी तीन दशकांहून जास्त जगला. आणि ज्यांच्या हातापायांवर रोगाच्या खुणा राहिल्या त्यांना तर कागद न वाचणाऱ्यांनीही दूरच ठेवलं.

2016 च्या दिव्यांग हक्क कायद्याने यादी 7 प्रकारांवरून 21 वर नेली. सिकलसेल, थॅलेसेमिया, हिमोफिलिया, पार्किन्सन्स, सगळे आत आले. मोठं पाऊल होतं ते. पण मावशींच्या संधिवाताचं नाव त्या यादीत नाही, डायलिसिसवरच्या माणसाच्या आजाराचंही नाही. शिवाय आरक्षणासारख्या लाभांसाठी 40 टक्क्यांची अट आहे. शरीर टक्क्यांत मोजायला काहीतरी रेषा लागते, हे मला मान्य आहे. मला खटकतं ते असं की रेषेच्या अलीकडे राहिलेल्याला आपण धडधाकट समजू लागतो.

कोल्हापूर इथून तासा-दीड तासाच्या वाटेवर आहे. तिथल्या नसीमा हुरजूक तरुण वयातच कमरेखाली लुळ्या झाल्या. चाकाच्या खुर्चीवरून त्यांनी सरकारी नोकरी केली आणि 1984 मध्ये ‘हेल्पर्स ऑफ द हँडिकॅप्ड’ ही संस्था उभी केली. वसतिगृह काढलं, शाळा काढली, सिंधुदुर्गात काजूप्रक्रियेत अपंग माणसांना रोजगार दिला. त्यांच्या कामात मला सगळ्यात महत्त्वाचं हे वाटतं की काय हवं आहे हे खुर्चीवर बसलेल्या माणसानेच ठरवलं. ओट्याची उंची किती, दाराची रुंदी किती, हे त्यांना अंदाजाने ठरवावं लागलं नाही.

तुमच्यातलं कुणी उद्या बँकेत बसेल, कुणी शाळेत, कुणी तलाठी होईल, कुणी कारखान्याच्या टाइम ऑफिसात हजेरी बघेल. तुमच्यासमोर असा माणूस येईल जो काल चालत होता आणि आज म्हणतो आहे, मला उभं राहवत नाही. त्याच्याकडे कागद मागण्याआधी त्याला खुर्ची द्या. एखादी मुलगी परीक्षेत लेखनिक मागेल, जास्त वेळ मागेल, तेव्हा ती वर्गातल्या इतरांचं काही हिसकावून घेते आहे असं समजू नका. आणि घरी बहिणीचं किंवा भावाचं स्थळ बघताना समोरच्याने खरं सांगितलं की मला फिट येतात, माझ्या गोळ्या चालू आहेत, तर त्या खरेपणाची त्याला शिक्षा करू नका. हे शेवटचं सगळ्यात अवघड आहे, मला माहीत आहे.

आणि एक काम याच महिन्यात करण्यासारखं आहे. ग्रामपंचायतीने आपल्या स्वतःच्या उत्पन्नातला 5 टक्के निधी दिव्यांगांसाठी खर्च करायचा असतो. पुढच्या ग्रामसभेत उठून विचारा: गेल्या वर्षी किती रक्कम निघाली, कशावर गेली, आणि ती कशावर घालायची हे ठरवताना गावातल्या कोणत्या दिव्यांग माणसाला विचारलं होतं? उत्तर इतिवृत्तात लिहून घ्या. ग्रामसभा वरच्या मजल्यावर भरत असेल, तर आधी ती खाली भरवायला लावा.