चलच्चित्रांचा ठेवा : जपणूक आणि जबाबदारी

(विसरवाडी, जि. नंदुरबार येथे दिलेल्या व्याख्यानाचा संपादित अंश)



आपल्या गावाच्या नावात ‘विसर’ असला, तरी माझा विषय स्मरणाचा आहे. ऐतिहासिक माहितीपटांना लागणारी जुनी चित्रणे कोणी जपावीत आणि ती कशी उपलब्ध करून द्यावीत, याचा विचार आपण करू.

हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर तथा सावेदादा यांनी १८९९ मध्ये मुंबईत कुस्तीचे चित्रण केले. १९०१ मध्ये केंब्रिजहून परतलेल्या रँग्लर परांजपे यांच्या स्वागताचेही त्यांनी चित्रण केले. भारतीय वृत्तचित्राचा पाया असा एका मराठी माणसाने घातला. पुढे ए. के. चेट्टियार यांनी देशोदेशी हिंडून गांधीजींची चित्रणे गोळा केली आणि १९४० मध्ये त्यांवरील माहितीपट पूर्ण केला. संग्राहकाच्या चिकाटीवाचून असे काम उभे राहत नाही.

पुण्यात १९६४ मध्ये राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन झाले. पी. के. नायर यांनी फाळके कुटुंबीयांशी संपर्क साधून दादासाहेबांच्या चित्रपटांचे उरलेसुरले भाग मिळवले. ते हाती लागले, कारण घरच्यांनी ते फेकून दिले नव्हते. त्याच पुण्यात जानेवारी २००३ मध्ये लागलेल्या आगीत अनेक जुन्या चित्रपटांच्या नायट्रेट प्रती भस्मसात झाल्या. नायट्रेट ज्वालाग्राही असते. त्यानंतरची अ‍ॅसिटेट फीत सहज पेट घेत नाही, पण उष्णतेने व दमटपणाने कुजते. डबा उघडताच व्हिनेगरसारखा आंबूस वास आला, तर ऱ्हास सुरू झाला असे समजावे. व्हिडिओ कॅसेटला बुरशी लागते आणि ती चालवणारी यंत्रेही आता दुर्मिळ झाली आहेत.

जपणुकीइतकीच सत्यनिष्ठाही आवश्यक आहे. आयझेनस्टाइनच्या १९२८ मधील ‘ऑक्टोबर’ या चित्रपटातील अभिनीत दृश्ये पुढे रशियन क्रांतीची प्रत्यक्ष चित्रणे म्हणून वापरली गेली. राष्ट्राचा अभिमान बाळगणाऱ्यांनी तर पुराव्याच्या बाबतीत अधिकच काटेकोर असले पाहिजे. खोट्या दृश्यावर उभारलेला खरा इतिहासही संशयास्पद ठरतो.

१९४२ मध्ये शिरीषकुमार आणि त्याच्या सोबत्यांनी नंदुरबारात बलिदान केले. त्या काळी सामान्यांच्या हाती कॅमेरे नव्हते. आज परिस्थिती तशी नाही. काठीची राजवाडी होळी, आपल्या जनजाती बांधवांची नृत्ये, १ जुलै १९९८ रोजी झालेली जिल्हानिर्मिती यांच्या फिती कोणाच्या फडताळात असतील, तर त्या थंड, कोरड्या जागी ठेवा. जाणकाराकडून अंकीय प्रत करून घ्या. दिनांक, स्थळ, चित्रण करणाऱ्याचे आणि दिसणाऱ्या व्यक्तींचे नाव लिहून ठेवा. ज्येष्ठ मंडळी हयात आहेत तोवरच हे शक्य आहे. माहितीपटकाराने मागणी केल्यास मूळ फीत हातची न सोडता प्रत द्या. वापराची लेखी अट घाला आणि श्रेय नोंदवण्यास सांगा.

शाखा, शाळा, वाचनालये यांनी गावोगावी अशा फितींची एक नोंदवही सुरू करावी, एवढीच माझी विनंती आहे.